कोंडाई कुणाची

"कोंडाई सर्जेराव थोरात," पाटणकर बाईंनी माझं नाव वाचलं आणि मागच्या बाकावरून लगेच आवाज आला, "बाई, तिला शाम्पू लावायला सांगा!"

सगळा वर्ग फिदीफिदी हसला. मीही हसले. नववीपर्यंत मी एवढं शिकले होते, की आपण सगळ्यांच्या आधी हसलो तर बाकीच्यांचं लवकर आटपतं. पाचवीत मी रडायचे. सहावीत मारामारी केली. सातवीत एकाचा डबा खिडकीतून फेकला. त्यानंतर हसायला लागले.

"गप्प बसा," बाई म्हणाल्या. "हा फॉर्म घरी न्यायचा आणि नाव नीट तपासायचं. बोर्डाकडे जाणार ते हेच नाव. कुणाला बदलायचं असेल तर आईवडील दोघांच्या सह्यांचा अर्ज पुढच्या शनिवारपर्यंत माझ्याकडे. त्यानंतर गॅझेट करत हिंडा, मला सांगायचं नाही." आणि चष्म्यावरून त्यांनी नेमकं माझ्याकडे पाहिलं.

मला सांगायची गरजच नव्हती. मी सहावीपासून तयार होते. अन्विता. वहीच्या मागच्या पानावर मी 'अन्विता थोरात' अशी सही घोटून घोटून गुळगुळीत केली होती, शेवटच्या अक्षराला अशी झोकदार शेपटी काढून. आता त्या सहीला फक्त सरकारी मान्यता मिळायची बाकी होती.

संध्याकाळी बाबा डेपोतून आले. ते कराडला एसटीत मेकॅनिक आहेत. कितीही साबण लावला तरी त्यांच्या नखांत ग्रीस असतंच. मी फॉर्म, अर्ज आणि पेन असा सगळा सरंजाम त्यांच्यासमोर मांडला. त्यांनी अर्ज दोनदा वाचला, "अन्विता. बरं आहे की," म्हणाले आणि सही करून टाकली.

"आता आई."

आई मशीनवर होती. आई साड्यांना फॉल-पिको करून देते. तिनं मान वर न करता विचारलं, "काय आहे?"

"नाव बदलायचा अर्ज. इथे सही कर."

मशीन थांबलं. "नाव बदलायचं नाही."

"का?"

"नाही म्हटलं ना एकदा."

"अगं पण का? वर्गात मला काय काय म्हणतात माहीत आहे तुला? कारण तरी सांग!"

"म्हणू देत. म्हटल्यानं कुणाच्या अंगाला भोकं पडत नाहीत." आणि मशीन पुन्हा सुरू.

आता मला आईबद्दल एक गोष्ट सांगायला हवी. माझ्या आईनं मला कधीच 'माझी मुलगी' म्हटलं नव्हतं. कधीच म्हणजे खरोखरच कधी नाही. साडी द्यायला आलेल्या बायकांनी "ही कोण?" असं विचारलं की ती म्हणायची, "ही कोंडाई. असते आमच्याकडे." एका बाईंनी एकदा मी दिलेलं पाणी पिऊन आईला सांगितलं होतं, "कामाला मुलगी गुणी मिळाली हो तुम्हाला." आई नुसती "हं" म्हणाली होती. शाळेत पालकसभेला बाबा. प्रगतिपुस्तकावर सही बाबांची. माझ्या वाढदिवसाला तर आई घरातच नसायची. फॉलचा माल आणायला जाते म्हणून सकाळी जायची ती दिवेलागणीला परत. मला कधी काजळाचं बोट नाही, औक्षण नाही, पहिला नंबर आला तर "बरं" एवढंच.

हे सगळं इतकी वर्षं माझ्या पोटात साठलेलं होतं. ते त्या दिवशी बाहेर आलं.

"तू का सही करशील? मी तुझी कुठे आहे? तू कधी एकदा तरी मला माझी म्हटलंयस?"

आई उठली, धावत आली आणि माझ्या तोंडावर हात दाबला. इतका जोरात, की ओठ दातावर घासून रक्त आलं. मला वाटलं, ती चिडलीय. पण ती माझ्याकडे बघतच नव्हती. ती दाराकडे बघत होती, कुणी ऐकलं तर नाही ना, असं.

दुसऱ्या दिवशी बाबांनी मला स्कूटरवरून नदीकाठी नेलं. भेळ घेऊन दिली, म्हणजे विषय गंभीर होता.

"तुझं नाव आम्ही ठेवलेलंच नाही," ते म्हणाले. "म्हणून तुझी आई सही करत नाही."

"मग कुणी ठेवलं? तहसीलदारांनी?"

"गिरजाक्कानं. आपल्या गावची, तळबिडीची. बुरूड आळीतली. तुला नाही आठवायची."

मग त्यांनी सांगितलं. माझ्या आधी आईला तीन मुलं झाली. दोन मुलगे, एक मुलगी. तिघांपैकी एकानंही सटवाईची पूजा पाहिली नाही. म्हणजे सहावा दिवस उजाडलाच नाही. मग माझ्या वेळी आजीनं ठरवलं, हे पोर आपलं म्हणायचं नाही. जिची सगळी पोरं जगतात अशा बाईला ते विकून टाकायचं. गिरजाक्काची पाचही जगली होती. मी तासाभराची असताना मला सुपात घालून मागच्या दाराबाहेर ठेवलं. गिरजाक्का आली, सूपभर कोंडा उंबऱ्यावर ओतला आणि मला उचललं. "ही माझी," म्हणाली. "कोंडा देऊन घेतली, कोंडाई तिचं नाव. मालन, हिला दूध पाज, माझी लेक तुझ्याकडे सांभाळायला ठेवते."

"म्हणजे मी विकत घेतलेली आहे?" माझ्या हातातली भेळ तशीच राहिली. "बाबा! हे किती भारी आहे!"

"काय भारी डोंबलाचं."

"अहो, वर्गात कुणाच्या नावाला एवढी मोठी गोष्ट आहे? त्या शाम्पूवाल्याचं नाव त्याच्या मावशीनं कॅलेंडर बघून ठेवलंय!"

बाबा हसले, पण थोडेच. "अगं, दुधाचे दात पडायला लागले की पोर परत आणायचं असतं. घेतलं त्याच मापानं सूप भरून द्यायचं, नारळ ठेवायचा, आणि आईनं सगळ्यांसमोर माझी म्हणायचं. मग दुसरं नाव ठेवायला मोकळीक. तुझी आई दरवर्षी पुढच्या वर्षी म्हणते. मी बोलून थकलो. तिला वाटतं, माझी म्हटलं की ज्याला ऐकू जायला नको त्याला ऐकू जाईल."

मला हे सगळं वेडेपणाचं वाटलं. खरं सांगायचं तर मला ते सोपंही वाटलं. एक सूप, थोडं धान्य, एक नारळ. एवढ्यावर काम अडलंय होय? मग आईला कशाला त्रास द्यायचा! मीच जाऊन सोडवून आणते की मला.

रविवारी क्लास आहे असं सांगून मी तळबिडीची एसटी पकडली. पिशवीत नारळ, डब्यातून काढलेले दोन किलो तांदूळ आणि बाजारातून घेतलेलं नवं कोरं लालभडक सूप.

बुरूड आळी गावाच्या टोकाला होती. गिरजाक्का अंगणात बांबूच्या कांबी काढत बसली होती. हातात सुरी, पायाच्या अंगठ्यात बांबू पकडलेला. पातळशी, काळी, कपाळावर गोंदण. मी समोर उभी राहिले आणि नाव सांगितलं. तिनं सुरी खाली ठेवली.

"कोंडे? माझी कोंडाई?" तिनं माझा हात धरून मला खाली बसवलं आणि गालावरनं बोटं फिरवली. तिच्या बोटांना चिरा होत्या नुसत्या. "कवढी झालीस गं! आन ह्ये काय आणलंयस?"

मी पिशवीतून सूप काढलं. तिनं ते पाहिलं आणि ती जी हसायला लागली!

"बया, बया! बुरडाच्या दारात पलाष्टिकचं सूप! अगं माझ्या सासऱ्यानं बघितलं असतं तर तुला आन मला दोगींना वड्यात ढकललं असतं!"

मीही हसले. मग मी आल्याचं कारण सांगितलं. नाव बदलायचंय, शनिवारची मुदत आहे, तांदूळ पुरतील ना, वगैरे. ती ऐकत होती आणि तिचं हसू हळूहळू बारीक होत गेलं.

"तू कशी सोडवशील तुला?" ती म्हणाली. "बाजारातली शेरडी आपला दोर आपणच धरून घरी जाती व्हय? ज्या माउलीनं सुपात ठिवली, तिनंच उचलाय पायजे. आन तुझी माउली…" ती थांबली.

"काय?"

"दर वर्साला येती की माझ्याकडं. तुझ्या वाढदिशी. खण-नारळ घिऊन येती, उंबऱ्यावर बसती आन म्हणती, आक्का, आजून येक वरीस ठेव तिला. तुझी म्हन. दिवसभर बसून ऱ्हाती. सांच्याला जाती."

फॉलचा माल.

तेवढ्यात घरातून एक बाई बाहेर आली. तरुण, माझ्यापेक्षा दहाएक वर्षांनी मोठी असेल, आणि पोटुशी. सातवा-आठवा महिना सहज. तिनं मला बघितलं आणि पदर ओढून पोटावर घेतला. असा, जसं काही मी दगड मारणार होते.

"ही आमची रेश्मा. धाकटी सून," गिरजाक्का म्हणाली. "रेश्मा, च्या ठेव गं."

रेश्मा हलली नाही. "हीच का ती?" तिनं विचारलं.

"रेश्मा, जा आत."

"जाते. तिला तेवढं सांगू दे मला, मामी." ती माझ्याशी बोलायला लागली, हळू आवाजात, अजिबात न भांडता. "तुझ्यावर राग नाही गं माझा. तू लहान आहेस. पण मी ह्या घरात आले तेव्हापासून ऐकतेय, मामींच्या पदरात परक्याची पोर आहे. दोन वर्षांमागं मला मुलगा झाला. बारा दिवस होता. डॉक्टर म्हणाले, हृदयात दोष होता. असेल. डॉक्टर खोटं कशाला बोलतील? पण आळीतल्या बाया म्हणाल्या, एका पदरात दोन पोरं ऱ्हात नाहीत, तिथं जागाच न्हवती. आता तू दारात आलीस आणि माझ्या पोटातलं हलायचं थांबलंय असं वाटतंय बघ. मला माहितीय, तसं नसतं. पण वाटतंय त्याला काय करू?"

मी सूप परत पिशवीत सारलं आणि मान खाली घातली. मी, जी वर्गात बाईंनाही उलट उत्तर देते.

रेश्मा आत गेली. गिरजाक्का खाली बघून कांबी नीट लावत राहिली.

"त्या सालीच म्या मालनला म्हटलं हुतं," ती म्हणाली. "आता ने बाई, आमच्या घरात पाळणा हलाय पायजे. तर माझ्या पायांना मिठी मारून बसली. मग म्या बी गप ऱ्हायले. काय करायचं? तीन गेलेली बाई ती."

"आईला माहीत आहे? बाळाचं?"

"न्हाई सांगितलं. सांगू बी नगंस तू. तिला ते सोसायचं न्हाई. मला वचन दे."

मी वचन दिलं. तिच्या हातावर हात ठेवून दिलं. तांदूळ तिनं घेतले नाहीत. ते आणि ते लाल सूप घेऊन मी परत आले.

ते वचन मी चार तास पाळलं.

घरी आल्या आल्या आईनं पिशवीतलं सूप पाहिलं. तिला सगळं कळलं. तिनं काही विचारलं नाही, फक्त म्हणाली, "पुन्हा तिकडे जायचं नाही."

"आई, चल ना. एकदा जाऊन मोकळं होऊ. मला आता नावाचं काही नाही. अन्विता नको हवं तर. पण तू चल."

"नाही."

"आता मी चौदा वर्षांची आहे! सहावा दिवस कधीच गेला!"

"तुला नाही कळायचं. दहावी होऊ दे. दहावी झाली की बघू."

"दहावी झाली की म्हणशील बारावी. मग म्हणशील लग्न!"

"म्हणेन! मरेपर्यंत म्हणेन!" आई ओरडली. "तुला सुपात मी ठेवलंय. तिसऱ्याला मातीत ठेवून आलेल्या हातांनी ठेवलंय. तू मला शहाणपण शिकवू नकोस."

इथे मी थांबायला हवं होतं. मला आता ते अगदी स्वच्छ दिसतं. पण त्या वेळी माझ्या हातात एक दगड होता आणि मी तो मारला.

"तुझ्यामुळे रेश्माकाकूचं बाळ गेलं," मी म्हणाले. "तू मला परत नेलं नाहीस म्हणून. बारा दिवसांचं होतं. त्यांनी तुला सांगितलं नाही कारण तुला सोसायचं नाही म्हणून. आता ती परत पोटुशी आहे आणि मला बघून थरथरते."

हे खरं नव्हतं. हृदयातला दोष माझ्यामुळे होत नाही, आईमुळे होत नाही, हे मला विज्ञानाच्या पुस्तकाशिवायही माहीत होतं. पण आईला ते खरंच वाटणार, हेही मला माहीत होतं. म्हणून तर मी ते बोलले.

आई खाली बसली. रडली नाही. "कधी?" एवढंच विचारलं. मी "दोन वर्षांपूर्वी" म्हटलं. तिनं बोटांवर काहीतरी मोजलं आणि मग ती बोलायचीच थांबली.

सोमवार, मंगळवार मशीन बंद होतं. साड्या न्यायला आलेल्या बायका परत गेल्या. बाबा माझ्याकडे बघत नव्हते. स्वयंपाकघरातून फक्त चाळणीचा आवाज येत होता, फस् फस् फस्, थांबून थांबून. मला वाटलं, आई माझं तोंड बघायला नको म्हणून आत काहीतरी काम काढून बसलीय. मी बाहेर बसून गणितं सोडवत होते आणि एकही सुटत नव्हतं. "सॉरी" हा शब्द मी दोनदा स्वयंपाकघराच्या दारापर्यंत नेला आणि दोन्ही वेळा तसाच परत आणला.

बुधवारी सकाळी मी गणवेश घालत होते, तर आई इस्त्रीची साडी नेसून उभी. हातात पिशवी.

"आज शाळा राहू दे," ती म्हणाली. "चल."

एसटीत बसल्यावर मी पिशवीत पाहिलं. पीठ चाळून चाळून काढलेला गव्हाचा कोंडा होता. सूपभर भरेल एवढा. दोन दिवस ती तेच करत होती.

अंगणात शिरल्यावर आई गिरजाक्काकडे गेलीच नाही. ती सरळ रेश्मासमोर जाऊन उभी राहिली आणि एकदम वाकली. रेश्मा घाबरून मागे सरली. "अहो काकू, काय करताय! मोठ्या आहात तुम्ही."

"मला माहीत नव्हतं गं," आई म्हणाली. "देवाशपथ माहीत नव्हतं. असतं तर…" आणि ती गप्प झाली. कारण असतं तर तिनं काय केलं असतं, हे तिलाही सांगता येत नव्हतं. ती खोटं बोलली नाही, हे मला आजही तिचं सगळ्यात मोठं काम वाटतं.

गिरजाक्कानं माझ्याकडे नजर टाकली. वचन मोडल्याचं तिला कळलं होतं. ती मला काही बोलली नाही. त्यापेक्षा एक थोबाडीत दिली असती तर परवडलं असतं. रेश्मा आत गेली आणि आईला बसायला पाट घेऊन आली. दोघी माफीबिफीचं काही बोलल्या नाहीत. पाट मांडला, आई बसली, एवढंच.

मग सूप आलं, गिरजाक्काच्या हातचं. मी आता सुपात कशी मावणार! शेवटी मी त्यात नुसती पावलं ठेवून उभी राहिले. टाचा बाहेरच. आळीतल्या चार-पाच बाया गोळा झाल्या होत्या. एक म्हणाली, "गिरजाक्के, सूप फुटंल गं, पोरगी थोराड हाय!" सगळ्या हसल्या. आई हसली नाही. तिनं कोंडा उंबऱ्यावर ओतला, नारळ ठेवला. कोंडा वाऱ्यानं सगळ्या अंगणभर उडत होता.

"मालन," गिरजाक्कानं विचारलं, "ही पोर कुणाची?"

आईनं तोंड उघडलं. आवाज आला नाही.

"कुणाची?"

आईनं वर पत्र्याकडे पाहिलं, कोपऱ्याकडे पाहिलं, रस्त्याकडे पाहिलं. तिच्या कपाळावर घाम आला होता. त्या क्षणी मला पहिल्यांदा कळलं, की ती खरंच घाबरलीय. हे नाटक नाही, हट्ट नाही. चौदा वर्षं ही बाई रोज सकाळी उठून एवढी घाबरत होती आणि घाबरत घाबरत माझ्या वेण्या घालत होती. मला एकदम वाटलं, सुपातून उडी मारावी आणि म्हणावं, राहू दे आई, नको म्हणूस. मी असते तुमच्याकडे. काही बिघडत नाही.

"माझी," आई म्हणाली.

"आळीला ऐकू जाऊ दे."

"माझी आहे!" आई किंचाळली. "माझी आहे, माझी आहे!" आणि तिनं मला सुपातून अक्षरशः ओढून काढलं. एवढी ओढाताण, की आम्ही दोघींनी उंबऱ्यावरच्या कोंड्यात बसकण मारली.

गिरजाक्कानं रिकामं सूप उचलून छातीशी धरलं. "कोंडाई माझी हुती. ती माझ्याजवळ ऱ्हायली," ती म्हणाली. "आता तिला ह्या नावानं कुणी हाक मारायची न्हाई. मालन, तुझ्या लेकीचं नाव तू ठेव."

आणि गंमत बघा. ज्या नावासाठी मी डबे फेकले, ते नाव जाताना मला रडू आलं. आता कुठे मला ते कळलं होतं. आता ठेवावंसं वाटत होतं, तर ठेवायची सोय नव्हती.

आई गोंधळून बघत राहिली. "मी… मी शोधलंच नाही. नाव शोधायचा धीरच केला नाही कधी."

"शोध सावकाश," गिरजाक्का म्हणाली.

तर अशी मी बिननावाची घरी आले. आणि गुरुवारी दुपारी मला ताप भरला.

साधा ताप असेल. वर्गात तेव्हा निम्मी मुलं तापानं पडली होती. पण शुक्रवारी एकशेतीन झाला आणि डॉक्टरांनी रक्त तपासायला सांगितलं, तेव्हा बाबांचाही चेहरा उतरला. आई माझ्या कपाळावर घड्या बदलत होती. तिचे ओठ घट्ट मिटलेले. मी डोळे मिटून तिच्या मनातलं ऐकायचा प्रयत्न करत होते. म्हटलं होतं ना मी. म्हटलं होतं.

शनिवारी सकाळी मी जागी झाले, तर आई पिन लावून साडी नेसत होती.

"कुठे चाललीस?"

"येते."

"तळबिडीला?"

तिनं पदर खोचला. बाबांना म्हणाली, "दर तासाला ताप बघा," आणि गेली. मी भिंतीकडे तोंड करून पडून राहिले. ती मला परत ठेवायला चाललीय, मला वाटलं. गिरजाक्काच्या पायांना मिठी मारील, कोंडा परत घेईल. आणि रेश्मा दारात उभी असेल. हे सगळं मी केलं होतं. मी बोलले नसते तर. मी गेले नसते तर. मला एक नवं नाव हवं होतं, बस, एवढंच हवं होतं मला.

त्या दिवशी काय झालं ते मला पाटणकर बाईंनी नंतर सांगितलं. शाळा सुटायच्या दहा मिनिटं आधी एक बाई धापा टाकत स्टाफरूममध्ये आली. बाई तिला ओळखत नव्हत्या; पाच वर्षांत तिनं शाळेचं तोंड पाहिलं नव्हतं. तिनं घडी घातलेला अर्ज टेबलावर ठेवला. बाबांची सही होतीच, तिच्या खाली आताच केलेली दुसरी सही. वर 'अन्विता' खोडून, मोठ्या मोठ्या अक्षरांत दुसरं नाव लिहिलेलं. बाई म्हणाल्या, "हे कसलं नाव? श्रावणात भिंतीवर कागद लावतात ती जिवती? पोरांना सांभाळणारी? अहो, मुलीचं कुणी ठेवतं का असं? आणि तुम्ही कोण तिच्या?"

"माझी मुलगी आहे ती," आई म्हणाली. "जिवंत आहे, म्हणून ठेवलं."

बाईंनी मला हे सांगितलं तेव्हा त्या खिडकीबाहेर बघत होत्या. आता तीन वर्षं झाली. आमच्याच शाळेच्या बारावीत आहे मी, आणि माझ्या नावावरून चिडवायला मुलांनी नवीन काय काय शोधलंय ते विचारू नका. मागितलं होतं नवं नाव, मिळालं आधीच्याहून जुनं. रेश्माकाकूला मुलगी झाली. बोलायला लागलीय आणि थांबतच नाही. गिरजाक्काकडे मी दिवाळीला जाते. ती मला चहा देते. वचनाचं तिनं अजून काढलेलं नाही आणि मीही नाही.

पण त्या शनिवारी मला यातलं काहीच माहीत नव्हतं. दुपारी चपलांचा आवाज आला. आई आत आली, तांब्यातलं पाणी घटाघटा प्यायली. मी भिंतीकडेच तोंड करून पडले होते.

"जिवती," आई म्हणाली.

मला वाटलं, शेजारचं कुणीतरी आलंय.

"जिवती! औषध घे."

मी तशीच पडून राहिले. मग ती पलंगाजवळ आली, वाकली आणि तिनं माझी हनुवटी धरून माझा चेहरा स्वतःकडे वळवला. तिचा हात उन्हातून आल्यामुळे माझ्या तापापेक्षाही गरम होता.

"तुलाच म्हणतेय," ती म्हणाली. "ओ दे."

मी ओ दिली.